उंदराचे शास्त्र आणि आपले घर

(संस्थेच्या वार्षिक संमेलनात पालक व विद्यार्थ्यांसमोर केलेले भाषण)



‘विज्ञान आणि जीवन’ या विषयावर बोलावे असे चिटणीस साहेबांनी कळवले होते. मी त्यांना उत्तर पाठवले की मी उंदरावर बोलेन. ते हसले. आता आपणही हसलात. हरकत नाही. तीस वर्षे प्राणिशास्त्र शिकवले, तेव्हा या हसण्याची मला सवय आहे. मात्र भाषण संपेपर्यंत हे हसू टिकणार नाही, अशी माझी अपेक्षा आहे.

प्रथम उंदीर म्हणजे कोण ते पाहू. ज्या गणात उंदीर मोडतो, त्याला आपल्या मराठी विश्वकोशात ‘कृंतक’ असे नाव आहे. कृंतक म्हणजे कुरतडणारा. हा विश्वकोश आपल्याच सातारा जिल्ह्यात, वाईला तयार झाला, याचा विद्यार्थ्यांनी अभिमान बाळगावा आणि तो उघडूनही पाहावा. घरातला उंदीर, शेतातली घूस, झाडावरची खार, अंगावर काटे असलेले साळिंदर आणि कोयना-महाबळेश्वरच्या जंगलातले शेकरू हे सगळे कृंतक. शेकरू तर महाराष्ट्राचा राज्यप्राणी आहे. उलट चिचुंद्री दिसते उंदरासारखी, पण ती कृंतक नाही. तिचे मुख्य अन्न किडे. ससाही कृंतक नाही. जगातल्या सस्तन प्राण्यांच्या जातींपैकी शंभरातल्या चाळीस या एका गणातल्या आहेत.

याच्या यशाचे रहस्य दातांत आहे. समोरचे वरचे दोन आणि खालचे दोन दात जन्मभर वाढत राहतात. दाताच्या पुढच्या बाजूला कठीण लुकण आणि मागे मऊ दंतिन असते. त्यामुळे कुरतडताना मागची बाजू लवकर झिजते आणि दाताला पटाशीसारखी धार राहते. उंदीर लाकूड किंवा साबण कुरतडतो तो केवळ भुकेने नव्हे. दात झिजले नाहीत तर ते वाढून त्याला खाणेच अशक्य होईल. त्यात मादी तीन आठवड्यांत विते, एका वेळी सहा-आठ पिल्ले देते आणि ती पिल्ले दोन-तीन महिन्यांत स्वतः वीण करू लागतात. हिशेब आपण घरी करून पाहा.

आता मुख्य गोष्टीकडे येतो.

माझी दादी कराडजवळच्या एका खेड्यातली. पहिल्या महायुद्धाच्या आधीची आठवण ती सांगत असे. त्या काळी घरात उंदीर पडला, म्हणजे मरून पडलेला सापडला, की गाव हादरत असे. लोक घरेदारे सोडून माळावर झोपड्या घालून राहत. दादीच्या वडिलांना एका सकाळी कणगीच्या बुडाशी दोन मेलेले उंदीर दिसले. त्यांनी ते गुपचूप उकिरड्यात पुरले. कळवले असते तर सरकारी माणसे घरात शिरली असती, सामान जाळले असते, बायकामुलांना छावणीत नेले असते. ही भीती खोटी नव्हती. आठ-दहा दिवसांत दादीचे दोन भाऊ काखेत गाठी येऊन गेले. दादी वाचली, म्हणून मी आज आपल्यासमोर उभा आहे.

हे आमच्या एका घरापुरते नव्हते. १८९६ साली मुंबईत प्लेग आला आणि तिथून देशभर पसरला. पुढच्या काही दशकांत हिंदुस्थानात एक कोटीहून अधिक माणसे त्याला बळी पडली. आपल्या सातारा जिल्ह्यातल्या नायगावची लेक सावित्रीबाई फुले पुण्यात प्लेगच्या रोग्यांची सेवा करता करता १० मार्च १८९७ रोजी त्याच रोगाने गेल्या. उस्ताद अब्दुल करीम खाँ प्लेगने आजारी असताना मिरजेच्या ख्वाजा शमना मीरासाहेबांच्या दर्ग्यात आले, तिथे बरे झाले आणि पुढे मिरजेचेच झाले, ही आठवण मिरजेत आजही सांगतात.

सरकार स्वस्थ बसले नव्हते. ४ फेब्रुवारी १८९७ रोजी साथीच्या रोगांचा कायदा झाला. हाच कायदा १२३ वर्षांनी, २०२० साली, कोरोनाच्या वेळी महाराष्ट्रात पुन्हा लावला गेला. पुण्यात सोजिरांनी घरे धुंडाळली, माणसांना ओढून नेले. त्यातून संताप उसळला आणि २२ जून १८९७ रोजी रँडवर गोळी झाडली गेली. एवढी जबरदस्ती करूनही प्लेग हटला नाही. कारण रोग पसरतो कसा, हेच कळलेले नव्हते. लोक हवेला दोष देत होते, घाणीला देत होते, एकमेकांना देत होते. उंदराकडे पाहायला कोणी तयार नव्हते.

१८९४ साली हाँगकाँगमध्ये येर्सिन यांनी प्लेगचा जंतू शोधला होता. १८९८ साली कराचीत पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरने साधा प्रयोग केला. प्लेग झालेला, अंगावर पिसवा असलेला उंदीर एका बरणीत ठेवला. त्याच बरणीत निरोगी उंदीर जाळीच्या पिंजऱ्यात ठेवला. दोघांचा एकमेकांना स्पर्श नाही, पण पिसू मात्र जाळीतून जाऊ शकत होती. पहिला उंदीर मेला आणि काही दिवसांनी दुसराही प्लेगने मेला. सिमाँचे म्हणणे कित्येक वर्षे कोणी मानले नाही. पुढे १९०५ पासून प्लेग संशोधन मंडळाने मुंबईत परळच्या प्रयोगशाळेत हीच गोष्ट नाना तऱ्हांनी तपासली. गिनीपिग जमिनीलगत ठेवले की त्यांना प्लेग होई. तेच पिंजरे पिसूची उडी पोहोचणार नाही इतक्या उंचीवर टांगले की ते निरोगी राहत. हवा तीच, खोली तीच. फरक फक्त उंचीचा. उंदीर मेला की त्याच्या अंगावरच्या उपाशी पिसवा माणसाकडे वळतात, हे मग सिद्ध झाले.

दादीच्या वडिलांनी मेलेले उंदीर हाताने उचलले होते. तिथेच पिसवा होत्या. हे त्यांना कोणी सांगितले असते तर?

याच काळात हाफकिन यांनी मुंबईत प्लेगची लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी आधी स्वतःला टोचून घेतली. लोक लसीला भीत होते. तेव्हा अवघ्या १९ वर्षांच्या तिसऱ्या आगाखानांनी हाफकिनना प्रयोगशाळेसाठी आपली वास्तू दिली आणि अनुयायांची भीती जावी म्हणून सर्वांसमोर स्वतः लस टोचून घेतली. नेतृत्व म्हणजे काय, ते यावरून समजावे. परळच्या त्या संस्थेला १९२५ पासून हाफकिन यांचे नाव आहे.

कोणी म्हणेल, हा जुना इतिहास झाला. ३० सप्टेंबर १९९३ रोजी किल्लारीचा भूकंप झाला. बीड जिल्ह्यातही लोक पडझडीच्या भीतीने घराबाहेर राहू लागले. बंद घरांत धान्य राहिले आणि उंदीर वाढले. ऑगस्ट १९९४ मध्ये मामला गावात पिसवांचा सुळसुळाट झाला, गाठीचा ताप आला आणि पुढच्या महिन्यात सुरतेहून लाखो लोक पळाले. मामल्यात आधी उंदीर पडले होते. निसर्ग सूचना देतो. ती वाचणारा माणूस गावात असावा लागतो.

आता एक कबुली द्यायची आहे.

ऑगस्ट २०१९ चा सांगलीचा महापूर आपण सर्वांनी पाहिला. आमच्या गल्लीत एका गरीब कुटुंबाचे गादीचे दुकान आहे. पाणी ओसरल्यावर त्यांचा चोवीस वर्षांचा मुलगा तीन दिवस अनवाणी चिखल उपसत होता. दहाएक दिवसांनी तो मला भेटला. अंगात ताप, डोळे लाल. म्हणाला, “सर, पोटऱ्या फार दुखतायत.” मी म्हणालो, “एवढा चिखल उपसलास, दुखणारच. तापाची गोळी घे आणि झोप.” पाचव्या दिवशी त्याचे डोळे पिवळे झाले, लघवी बंद झाली आणि त्याला इस्पितळात नेले. डॉक्टरांचा पहिला प्रश्न होता, “पुराच्या पाण्यात उतरला होता का?” मुलगा वाचला नाही.

तो लेप्टोस्पायरोसिस होता. त्याचे जंतू उंदराच्या मूत्रपिंडात राहतात, उंदराला मात्र काही होत नाही. ते लघवीतून पाण्यात आणि चिखलात येतात आणि पायाच्या भेगेतून, जखमेतून, डोळ्यातोंडातून आपल्या शरीरात शिरतात. अचानक ताप, डोकेदुखी, लाल डोळे आणि पोटऱ्यांत विलक्षण वेदना, ही त्याची लक्षणे. सुरुवातीलाच औषध मिळाले तर रोगी बहुधा बरा होतो. हे सारे मी तीस वर्षे फळ्यावर लिहिले, परीक्षेत विचारले, मुलांना गुण दिले. आणि दारात उभ्या असलेल्या मुलाला मी एक प्रश्न विचारला नाही. ज्ञान माझ्या वहीत होते, जिभेवर आले नाही. त्याच्या आईसमोर जायला मला अजून धीर होत नाही.

म्हणून पालकांना सांगतो. पुराच्या पाण्यात, शेताच्या चिखलात उतरताना पायात गमबूट घाला, जखम झाकून घ्या. नंतर ताप आला तर डॉक्टरांनी विचारण्याची वाट न पाहता आपणच सांगा, “मी पाण्यात उतरलो होतो.” पूर आल्यावर आरोग्य कर्मचारी प्रतिबंधक गोळ्या देतात, त्या त्यांच्या सल्ल्याने घ्या; कपाटात ठेवू नका.

शेतकरी बांधवांसाठीही या शास्त्राचा मोठा उपयोग आहे. आपला पट्टा उसाचा, भुईमुगाचा, शाळूचा. शेतातला उंदीर उसाची कांडी बुडाशी कुरतडतो. पडलेल्या उसात तर त्याला आयते घरच मिळते. भुईमुगाच्या शेंगा आणि ज्वारीची कणसे तो बिळात साठवतो. कोकणातले कातकरी ती बिळे खणून धान्य बाहेर काढतात. बीळ कुठे वळते आणि त्याचे दुसरे तोंड कुठे असते, याची त्यांची माहिती आपल्या पदवीधरांना लाजवील अशी आहे.

उंदराला ओकता येत नाही. म्हणून नवी वस्तू दिसली की तो आधी थोडीशी चाखतो आणि वाट पाहतो. त्रास झाला तर पुन्हा तिला तोंड लावत नाही. आपण म्हणतो, “औषधाला उंदीर दाद देत नाही.” खरे म्हणजे औषध वाईट नसते, आपली घाई वाईट असते. झिंक फॉस्फाईडसारखे जलद विष वापरायचे तर आधी दोन-तीन दिवस बिनविषाचे तेलातले धान्य ठेवून उंदराला सवय लावावी लागते. दुसरे असे, की एकट्याने आपल्या रानात विष ठेवून उपयोग नाही; शेजारच्या बांधावरचे उंदीर महिन्याभरात रिकामी बिळे भरून काढतात. साऱ्या शिवाराने एकाच वेळी, शक्यतो पिके निघाल्यावर उन्हाळ्यात मोहीम करावी. बांध अरुंद आणि स्वच्छ ठेवावेत. घुबडांसाठी शेतात उंच खांब रोवावेत. गव्हाणी घुबडाला अपशकुनी म्हणून आपण दगड मारतो. ते रात्रभर आपलीच राखण करत असते. धामणही तशीच. आणि लक्षात ठेवा, घरात उंदीर वाढले की त्यांच्या मागोमाग विषारी साप येतो.

विष मुलांच्या हाताला लागू देऊ नका. झिंक फॉस्फाईडवर उतारा नाही. घरासाठी पहिला उपाय विष नव्हे, तर झाकण आणि सिमेंट हाच आहे. पाव इंचाच्या फटीतून लहान उंदीर शिरतो, अर्ध्या इंचातून मोठा. रात्री भांडी झाकून ठेवावीत, खरकटे उघडे टाकू नये, हे आपल्या दादी-नानींचे सांगणे शास्त्राच्या कसोटीला उतरते.

उंदीर नुसता शत्रू नाही. २५ मे १९४० रोजी ऑक्सफर्डमध्ये आठ उंदरांना प्राणघातक जंतू टोचले. चौघांना पेनिसिलीन दिले, चौघांना दिले नाही. न दिलेले चारही सकाळपर्यंत मेले. आज आपल्या घरी कोणी प्रतिजैविक घेऊन बरे होते, त्याची सुरुवात त्या रात्री झाली. उंदीर मारण्यासाठी निघालेले वॉरफरिन पुढे माणसाचे रक्त पातळ ठेवण्याचे औषध म्हणून वापरात आले; हृदयविकाराचे कित्येक रुग्ण ते घेत आले आहेत. आफ्रिकेतल्या मोठ्या थैलीवाल्या उंदरांना टांझानियात वासावरून सुरुंग ओळखायला शिकवतात. मगावा नावाच्या अशा एका उंदराने कंबोडियात ७१ सुरुंग शोधले आणि २०२० साली त्याला शौर्याचे सुवर्णपदक मिळाले. क्षयरोग्याची थुंकी वासावरून ओळखण्याचे कामही हे उंदीर करतात.

आपल्या देशातही हे शास्त्र वाढले आहे. जोधपूरच्या मरुक्षेत्र संशोधन संस्थेत डॉ. ईश्वर प्रकाश यांनी वाळवंटातल्या उंदरांचा आयुष्यभर अभ्यास केला. आपल्या जवळ पाडेगावला ऊस संशोधन केंद्र आहे, कोल्हापूरला शिवाजी विद्यापीठात प्राणिशास्त्र विभाग आहे, राहुरीला कृषी विद्यापीठ आहे, पुण्यात विषाणू संस्था आहे, मुंबईत हाफकिन आहे. या दारांवर आपल्या मुलामुलींची नावे फार थोडी दिसतात. एका हुशार मुलीचे वडील मला म्हणाले होते, “सर, मुलीने उंदीर कापायचे शिकून काय करायचे?” त्या दिवशी मला उत्तर सुचले नाही. आज सांगतो. ती आपल्या गल्लीत दारात उभ्या असलेल्या तापाच्या रोग्याला योग्य प्रश्न विचारील. तेवढे केले तरी तिची फी वसूल झाली.

विद्यार्थ्यांना एकच काम देतो. या सुट्टीत आपल्या घरातला किंवा शेतातला एक उंदीर सात दिवस दुरून पाहा. तो कुठून येतो, कधी येतो, काय खातो, काय सोडतो, हे वहीत लिहा. हात लावू नका. अकराशेहून अधिक वर्षांपूर्वी बसऱ्याच्या अल-जाहिज यांनी प्राण्यांवर मोठा ग्रंथ लिहिला. ऐकीव गोष्ट तपासून पाहावी, ही त्यांचीही वृत्ती होती. ती वृत्ती एका वहीतून सुरू होऊ शकते.

माझ्या पणजोबांनी उंदीर पुरले, कारण त्यांना माहीत नव्हते. मी प्रश्न गिळला, आणि मला तर सारे माहीत होते. तुम्ही दोन्ही चुका करू नका, एवढेच मागणे आहे.