देवदाराच्या पत्रीचे माहेर

(मंडळाच्या गणेशोत्सवात सहल-गटातर्फे केलेले भाषण)



परवा चतुर्थीला आपल्या घरोघरी पूजा झाली. गुरुजी एकेक नाव घेऊन पत्री वाहायला सांगत होते. माका, बेल, शमी, आघाडा अशी नावे घेता घेता 'देवदार' आला. ताटात देवदार नव्हता. गुरुजी म्हणाले, "अक्षता वाहा." ग्वाल्हेरात आपण पिढ्यान्‌पिढ्या हेच करत आलो आहोत, कारण देवदार हा थंड डोंगरातला वृक्ष. तो इथे कुठून मिळणार?

यंदा मे महिन्यात आम्ही मंडळाचे चौदा जण कुमाऊंला गेलो आणि देवदार त्याच्या घरी पाहून आलो.

काठगोदामला उतरलो तेव्हा उकाडा आपल्यासारखाच होता. रस्ता चढू लागला तशी झाडे बदलत गेली. पायथ्याशी साल, मग चीड, त्याच्यावर बांज म्हणजे तिकडचा ओक आणि लाल फुलांचा बुरांस, आणि मग देवदार. हजार मीटर वर गेले की हवा साधारण सहा अंशांनी थंड होते. त्यामुळे एका दिवसात आपण उष्ण प्रदेशातून समशीतोष्ण वनात पोचतो.

बांजाच्या वनात शिरलो की पायाखाली गादी लागते. थंडीत पाने सावकाश कुजतात, त्यांचा जाड थर साचतो. पाऊस आणि हिवाळ्यातला बर्फ या थरातून हळूहळू जमिनीत मुरतो आणि खाली झऱ्यांना पाणी राहते. कुमाऊंत त्या झऱ्यांवर दगडी बांधणीचे 'नौले' आहेत. खोडांवर शेवाळ, नेचे आणि आमरी वाढतात. बांजाची फळे अस्वल आणि वानरे खातात. एका झाडाच्या आधाराने केवढा संसार चालतो!

पण हा संसार आता अडचणीत आहे. खालचा चीड वर सरकतो आहे. त्याच्या सुया उन्हाळ्यात वाळून पेट घेतात. जाड सालीमुळे चीड आगीतून बऱ्याचदा वाचतो, बांजाला मात्र मोठी इजा होते. मोकळ्या झालेल्या जागेत पुन्हा चिडाचेच बी रुजते. हिवाळ्यात बर्फ कमी पडला की मे महिन्यात रान कोरडे ठणठणीत असते. जून २०२४ मध्ये अल्मोड्याजवळच्या बिनसर अभयारण्यात आग विझवायला गेलेल्या वनखात्याच्या माणसांचा जीव गेला. हवा तापली की झाडांना थंडाव्यासाठी वर सरकावे लागते. पण डोंगराला शिखर आहे. त्याच्या पुढे ती कुठे जाणार?

अल्मोड्याहून आम्ही जागेश्वरला गेलो. देवदारांच्या दाट राईत शंभराहून अधिक प्राचीन देवळे आहेत. कालिदासाच्या 'रघुवंशा'त शंकराने एका देवदाराला पुत्र मानल्याची कथा आहे. रानहत्तीने अंग घासून त्याची साल सोलली, तेव्हा पार्वतीला स्वतःचे लेकरू जखमी झाल्यासारखे दुःख झाले. म्हणजे देवदार हा आपल्या बाप्पाचा भाऊच की!

२०२४ साली त्याच जागेश्वरच्या रस्त्याच्या रुंदीकरणासाठी सुमारे हजार देवदारांवर खुणा केल्या गेल्या. गावकऱ्यांनी ठाम विरोध केला आणि सरकारला फेरविचार करावा लागला. रुंद रस्ता कोणाला हवा होता? आपल्यासारख्या पाहुण्यांनाच. आम्हीही तिथे सकाळी दोन-दोन बादल्या गरम पाणी मागितले. नंतर फिरायला निघालो, तर गावातल्या बायका नौल्यावर कळशी भरण्यासाठी रांगेत उभ्या होत्या. पाणी बोटभर धारेने येत होते. आम्ही एकमेकांकडे पाहिले. कोणी काही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी मात्र प्रत्येकाने अर्ध्या बादलीत आंघोळ उरकली.

आमच्यातल्या एका काकूंनी गणपतीसाठी म्हणून देवदाराची डहाळी तोडायला हात घातला. तिथले पुजारी नम्रपणे म्हणाले, "माताजी, खाली पडलेले घ्या." काकूंनी लगेच हात मागे घेतला.

पुढच्या वर्षी मंडळाची सहल जरूर जावी. पण आमची विनंती अशी की, मे-जूनची गर्दी टाळावी, पाणी जपून वापरावे, रानात चूल किंवा विडीकाडी पेटवू नये आणि कचरा परत आणावा. आणि चतुर्थीला देवदाराच्या जागी अक्षताच वाहाव्यात. अक्षत म्हणजे न मोडलेले. त्या वाहताना बाप्पाकडे एवढेच मागू या की, तुझा तो डोंगरातला भाऊ असाच अक्षत राहू दे.

गणपती बाप्पा मोरया!