आखाडा आणि रुपेरी पडदा

मल्लविद्या आणि चित्रपट यांत एक मूलभूत अंतर आहे. आखाड्यांत कोण जिंकणार हें झुंज सुटेपर्यंत कोणासही ठाऊक नसतें. चित्रपटांत तें कथालेखकानें आधींच ठरविलेलें असतें. या दोन्ही जगांत कीर्ति मिळविणारीं माणसें थोडीं. अमेरिकेचे कराटेपटु चक नॉरिस हे त्यांपैकीं एक.

त्यांचें मूळ नांव कार्लोस रे नॉरिस. ओक्लाहोमा राज्यांतील रायन या लहानशा गांवीं १० मार्च १९४० रोजीं त्यांचा जन्म झाला. वडील मद्याच्या आहारीं गेलेले, घरची ओढगस्त, आणि मुलाचा स्वभाव कमालीचा बुजरा. १९५८ सालीं ते विमानदळांत दाखल झाले व पुढें दक्षिण कोरियांतील ओसान येथील तळावर गेले. तेथें त्यांना तांग सू डो या विद्येचा परिचय झाला. हातापायांच्या आघातांची ही कोरियन विद्या जपानी कराटेची जवळची आप्त. तींत केवळ बळाला फारसें मोल नाहीं. तोल, श्वास आणि क्षणाची अचूक निवड यांना आहे. एकच लाथ शेंकडों वेळां घोटावी लागते. बुजऱ्या तरुणाला या घोटण्यांतच आपला आधार सांपडला.

१९६२ सालीं सैन्यांतून मुक्त झाल्यावर कॅलिफोर्नियांत ते कराटेचे वर्ग चालवूं लागले. शिष्य मिळावयाचे तर नांव हवें, आणि नांव व्हावयाचें तर स्पर्धा जिंकावयास हव्यात. प्रारंभींच्या स्पर्धांत मात्र त्यांच्या वाट्यास पराभवच आले. १९६८ च्या आरंभींही लुइस डेल्गाडो या प्रतिस्पर्ध्यानें त्यांच्यावर मात केली. त्याच वर्षीं २४ नोव्हेंबर रोजीं त्याच डेल्गाडोला हरवून त्यांनीं व्यावसायिक कराटेंतील मध्यम वजनी गटाचें अजिंक्यपद मिळविलें. १९७४ सालीं स्पर्धांतून निवृत्त होईपर्यंत तें दुसऱ्या कोणास घेतां आलें नाहीं.

त्यांच्या शिष्यांत स्टीव्ह मॅक्वीन हा नामांकित नट होता. अभिनयाकडे वळण्याचें उत्तेजन त्यानेंच दिलें. परंतु त्यापूर्वींच, १९७२ सालीं, ब्रूस ली यांच्या ‘वे ऑफ द ड्रॅगन’ या चित्रपटांत नॉरिस झळकले होते. रोमच्या ज्या कोलोसियममध्यें प्राचीन काळीं योद्धे झुंजत, तेथें या दोघांचें द्वंद्व घडतें असा प्रसंग आहे. नॉरिस यांचा योद्धा हात-पाय निकामी झाल्यावरही माघार घेत नाहीं व मारला जातो. विजेता त्याचाच अंगरखा त्याच्या देहावर पांघरतो. प्रत्यक्षांतला अजिंक्यवीर येथें हरला, आणि याच प्रसंगानें त्याचा चेहरा जगभर पोंचला.

पुढें १९७७ पासून ते नायक म्हणून जिंकूंच लागले. ‘गुड गाइज वेअर ब्लॅक’, ‘लोन वुल्फ मॅक्वेड’, ‘कोड ऑफ सायलेन्स’ अशी मालिका सुरू झाली. यांतील १९८४ चा ‘मिसिंग इन ॲक्शन’ निराळा विचार करावयास लावतो. नॉरिस यांचा धाकटा भाऊ १९७० सालीं व्हिएतनामच्या युद्धांत कामीं आला होता. या चित्रपटाचा नायक तेथें परत जाऊन मागें राहिलेल्या अमेरिकन कैद्यांना सोडवून आणतो. रणांगणावर गमावलेलें युद्ध पडद्यावर जिंकण्याचा हा सोपा मार्ग होय, असा आक्षेप अशा चित्रपटांवर घेतला गेला, आणि तो निराधार नाहीं. तथापि नॉरिस यांनीं हें चित्र भावाच्या स्मृतीस वाहिलें होतें, हेंही विसरतां येत नाहीं. डेल्गाडोकडून झालेल्या पराभवाची भरपाई वर्षाच्या आंत करतां आली. भावाच्या मृत्यूला मात्र दुसरा सामना नव्हता.

१९९३ ते २००१ या काळांत ‘वॉकर, टेक्सास रेंजर’ या दूरचित्रवाणी मालिकेनें त्यांना घरोघरीं नेलें. तत्पूर्वीं १९९० सालीं त्यांनीं टेक्सासमधील शाळांत मुलांना कराटे शिकविणारी एक संस्था उभी केली होती. व्यसनांपासून मुलांनीं दूर राहावें व त्यांना शिस्त लागावी हा तिचा हेतु. तेथें कॅमेरा नव्हता, कीं ठरलेला विजयही नव्हता. ओसानच्या तळावर एका बुजऱ्या तरुणाला जें मिळालें होतें, तेंच तेथें मुलांच्या हातीं दिलें जात होतें: पडल्यावर उठावें, आणि चुकलेली लाथ पुन्हां घोटावी.