एक दिवस खाडीवर

(महिला मंडळांच्या वार्षिक मेळाव्यात केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



मला आज हिशेब द्यायला उभं केलंय. गेल्या डिसेंबरात आमच्या गडहिंग्लजकडच्या 19 जणी वेंगुर्ल्याला खाडी बघायला गेलो आणि त्यासाठी मंडळाच्या पेटीतून थोडे पैसे उचलले. त्यावरून कार्यकारिणीत बरीच बोलाबोली झाली. "सहली काढायला आपण काय शाळेची पोरं आहोत?" असं एकीनं विचारलं. त्याच पैशात कायद्याचं एक शिबिर झालं असतं, हे दुसरीचं म्हणणं. कबूल करते, मीही आधी याच मताची होते.

माझं मत बदललं ते आमच्या एका वस्तीवरच्या बाईमुळं. ती म्हणाली, "शिबिराला यायचं तर भाकरी थापून यावं लागतं, आणि तिथंबी चहा आमीच करतो. एक दिवस नुसतं बघाय जाऊ दे की." याला माझ्याकडं उत्तर नव्हतं.

घरच्यांना सांगणं हा पुढचा घाट. देवाला जातो म्हटलं तर कुणी अडवत नाही. खाडीवर जातो, चिखलातली झाडं आणि पक्षी बघतो म्हटलं की प्रश्न सुरू. तिघींनी घरी सरळ 'रेडीच्या गणपतीला जातो' असं सांगितलं. आपण खोटं बोलू नये म्हणतो, पण त्या तिघींना बोलायचा मला तरी धीर झाला नाही. परतताना वाट वाकडी करून गणपतीलाही जाऊन आलो, म्हणजे तेही खरं झालं.

मार्च 2023 पासून एस.टी.त बायकांना अर्धं तिकीट आहे. त्याचा असा उपयोग आम्ही पहिल्यांदाच केला. पहाटेची गाडी, आजऱ्यावरून आंबोली घाट, सावंतवाडीला गाडी बदलून वेंगुर्ला. घाटात चौघींना उलट्या झाल्या. आणि सकाळपासून कुणी पाण्याचा घोट घेतला नव्हता, कारण वाटेत जायची सोय कुठं असेल याचा भरवसा नाही. आपल्या बायका प्रवासाला निघाल्या की पहिलं काम पाणी सोडतात. हे आपण इतकं गृहीत धरलंय की हिशेबातही मांडत नाही.

आता खाडीबद्दल. वेंगुर्ल्याच्या मांडवी खाडीवर 'स्वामिनी' बचतगटाच्या बायका 2017 पासून कांदळवनाची सफर घडवतात. सिंधुदुर्गात संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रमाचा किनाऱ्यावरच्या जीवसृष्टीबद्दल एक प्रकल्प चालू होता, त्यातून आणि वनखात्याच्या कांदळवन कक्षाच्या पाठबळानं याची सुरुवात झाली. होडी त्याच वल्हवतात, माहितीही त्याच सांगतात. आम्हाला अंगात घालायला फुगीर जाकिटं दिली. साडीवर ती चढवताना जी हसाहशी झाली, तेवढ्यानंच घाटाचा शीण गेला.

भरती नुकती उतरायला लागली होती. होडी आत वळली तसा दोन्ही बाजूंनी हिरवा पडदा झाला आणि गावाचा आवाज बंद. कांदळाच्या मुळ्या वरून खाली कमानीसारख्या उतरलेल्या, तिवराच्या आणि चिप्पीच्या मुळ्या उलट चिखलातून वर डोकावणाऱ्या. चिखलात हवा नसते, म्हणून मुळ्या श्वास घ्यायला वर येतात. तिवराचं पान जिभेला लावून बघा म्हणाल्या. खारट! झाड खारं पाणी पितं आणि मीठ पानावाटे बाहेर टाकतं. यातल्या पांढऱ्या चिप्पीला 2020 साली महाराष्ट्रानं राज्य कांदळवन वृक्ष ठरवलं, हे मला तिथंच कळलं.

मग कांदळाची फळं दाखवली. शेवग्याच्या शेंगेसारखं काहीतरी लोंबत होतं. ती शेंग नाही, रोपच. बी झाडावर असतानाच रुजतं, वाढतं आणि मग सुटून चिखलात पडतं, नाहीतर पाण्याबरोबर दुसरीकडं जातं. "म्हंजे बाळंतपण म्हायेरातच," आमच्यातली एक म्हणाली. होडीवालीसुद्धा वल्हं थांबवून हसली.

पक्षी भरपूर होते. खंड्या, बगळे, ढोकरी, वर ब्राह्मणी घार. उघड्या पडलेल्या चिखलावर निवट्या, म्हणजे पाण्याबाहेर उड्या मारणारे ते मासे. पण सगळ्यांत रमलो आम्ही खेकड्यांत. बोटाच्या पेराएवढा खेकडा. नराची एक नांगी अंगाला न शोभणारी मोठी. ती वर करून तो हालवत बसतो, मादीला दाखवायला आणि दुसऱ्या नराला भिववायला. खायला ती कामाची नाही, त्यामुळं तो एकाच लहान नांगीनं खातो. मादीच्या दोन्ही नांग्या लहान आणि ती दोन्हींनी भराभर खात सुटते. यावर आमच्या बायका काय काय बोलल्या ते इथं माइकवरून सांगण्यासारखं नाही.

आमच्यात एक मावशी आहे, साठीची. नाव घेत नाही, तिच्या परवानगीनं एवढंच सांगते. गेली चार वर्षं मीटिंगला येते, कोपऱ्यात बसते, विचारलं तरच बोलते. ती होडीत बसल्यापासून कडेला वाकून पाण्यात हात घालून होती. होडीवाली मुळ्यांना चिकटलेली कालवं दाखवत होती, तेवढ्यात ही अचानक मालवणीत बोलायला लागली. कालवं कुठल्या पाण्यात जाड येतात, तिसऱ्या शोधायच्या तर पायाच्या बोटांनी चिखल कसा चाचपायचा, अमावास्या-पुनवेच्या ओहोटीला किती लांबवर जाता येतं. "ह्यो चिखल माका नवो नाय," म्हणाली. चार वर्षांत आम्हाला ती कोकणातली आहे एवढंही ठाऊक नव्हतं! मालवणाकडच्या एका खाडीकाठचं तिचं माहेर. लहानपणापासून लग्नापर्यंत आईबरोबर ओहोटीला चिखलात उतरायची, टोपलीभर तिसऱ्या आणून बाजारात विकायची. घाटावर नांदायला आली तेव्हा सासरी 'चिखलातली' म्हणून हिणवायचे. म्हणून तिनं ती भाषाच तोंडात घेतली नाही.

होडीला नोंदणी असते, जाळ्याला किंमत असते. ओहोटीला गुडघाभर चिखलात उतरणाऱ्या बाईची नोंद कुठल्या वहीत असते? तिच्या आईनं ज्या टोपलीवर घर चालवलं त्याला कुणी धंदा म्हटलं नाही. आणि तीच माहिती इथं बायका तिकीट लावून सांगत होत्या, माणसं पैसे देऊन ऐकत होती. मावशी ते बघत होती. मला वाटतं तिच्या डोक्यात तिथंच काहीतरी हाललं.

दुपारी जेवायला बसलो तेव्हा तिनं सांगितलं. घरी ट्रंकेत एक कागद आहे, हक्कसोडपत्र. भावांनी दिवाळीत पाठवलेलं. संक्रांतीला सही करून द्यायची होती. जमीन म्हणजे थोडं भात, बाकी सगळी खाडीलगतची खाजण, खारफुटी माजलेली. भाऊ म्हणतात, "ती जागा कुणी फुकटसुद्धा घेणार नाही." ती म्हणाली, सही केली नाही तर माहेर तुटेल, एवढ्यासाठी कशाला वाईट व्हायचं.

त्यावर भाकरीवाली, जिनं सहलीचा हट्ट धरला होता तीच, घास हातात ठेवून म्हणाली, "कुणी फुकट घेत न्हाई, तर सही कशापायी पायजे?"

बघा, शिबिरात मी हा कायदा किती वेळा सांगितलाय. महाराष्ट्रात 1994 ची दुरुस्ती, मग 2005 सालची केंद्राची दुरुस्ती, मुलीला मुलाइतकाच जन्मानं वाटा. 2020 साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की 2005 मध्ये वडील हयात असायची गरज नाही. मावशी त्या शिबिरांना हजर होती, सहीपुस्तकात तिचा अंगठाही आहे. पण ते सगळं शेताबद्दल आहे असं तिला वाटायचं. चिखलातही वाटा असतो हे तिच्या मनातच आलं नव्हतं.

मी तिला दुसरी बाजूही सांगितली, कारण खोटी आशा दाखवायची नव्हती. खारफुटीच्या जागेवर भराव टाकता येत नाही, बांधता येत नाही, झाडं तोडता येत नाहीत. किनाऱ्याचे नियम 1991 पासून आहेत आणि मुंबई उच्च न्यायालयानं 2018 साली राज्यभर खारफुटीच्या तोडीवर बंदी घातली आहे. तिथं हॉटेल उभं राहणार नाही. यावर मावशी म्हणाली, "हॉटेल कोणाक होया? माका थंय उतराक होया." मला तिथं उतरायचंय. एवढंच.

सही झालेली नाही. आमची एक कार्यकर्ती आणि ती, दोघींनी मिळून सातबारा काढला. वडील जाऊन 11 वर्षं झाली, वारस म्हणून नुसते दोन भाऊ लागलेत, हिचं नाव नाही. तहसीलात अर्ज दिलाय. संक्रांतीला माहेरून दरवर्षी तिळगूळ यायचा, यंदा आला नाही. ती मीटिंगमध्ये रडली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तहसीलात गेली. पुढं काय होईल मी आज सांगू शकत नाही.

ज्या मंडळांना जायचंय त्यांच्यासाठी दोन गोष्टी. पावसाळ्यात जाऊ नका आणि आधी फोन करून भरतीची वेळ विचारूनच गाडी ठरवा. आमच्यासारखं भरती उतरताना गेलात तर पाणीही मिळतं आणि चिखलावरचे खेकडेही. मुंबईच्या मैत्रिणींना एवढ्या लांब यायला नको, ऐरोलीला वनखात्याच्या केंद्रातून ठाणे खाडीत रोहित पक्षी दाखवायला बोट जाते. ती खाडी 2015 साली अभयारण्य झाली आणि 2022 साली जगाच्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत गेली. पण तुमच्या जवळच्या खाडीवर बायका होडी चालवत असतील तर आधी तिथं जा.

मेमध्ये मावशी माहेरच्या खाडीवर जाणार आहे. एकटी जायची नाही म्हणते. ओहोटीची वेळ तिनंच काढून ठेवलीय, 9 जणींनी नावं दिलीत. खर्चाची वही टेबलावर ठेवली आहे, ज्यांना बघायची त्यांनी बघा.