मेलेल्या नोंदी आणि जिवंत हक्क



जमीन कसणाऱ्याच्या आयुष्यात सातबाऱ्याच्या उताऱ्याइतका प्रभावी कागद दुसरा नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे अधिकार अभिलेखातील नोंद, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाते. म्हणूनच त्या कागदावर कोणती ओळ ठेवावी आणि कोणती पुसावी, हा प्रश्न केवळ दप्तराचा नसून हक्काचा आहे.

मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लावावीत आणि पुढे कालबाह्य नोंदी कमी कराव्यात, या हेतूने राज्य शासनाने २०२५ साली ‘जिवंत सातबारा’ मोहीम हाती घेतली. तिचे स्वागत करण्यास समाजवाद्यांना संकोच वाटण्याचे कारण नाही. फेडलेल्या तगाईचा बोजा, वसूल होऊन गेलेला बांधबंदिस्तीचा खर्च, सावकाराचे नजरगहाण अशा नोंदी ‘इतर हक्क’ या रकान्यात वर्षानुवर्षे पडून राहिल्या. १९७५ च्या ऋणमुक्ती कायद्याने सीमांत शेतकरी, ग्रामीण कारागीर व मजूर यांची सावकारी देणी रद्द केली. परंतु कायद्याने संपलेले ऋण कागदावरून आपोआप संपत नाही. बोजा दिसतो म्हणून कर्ज अडते, आणि वसुलीची पावती तर दोन पिढ्यांमागेच हरवलेली असते.

तथापि, जुनी नोंद आणि मेलेली नोंद या दोन भिन्न गोष्टी आहेत. ज्या रकान्यात तगाई, त्याच रकान्यात कुळाचेही नाव असते. १९४८ च्या कूळकायद्यानुसार १ एप्रिल १९५७ या कृषकदिनी कसणारे कूळ जमिनीचे मालक मानले गेले. जमीनमालक विधवा वा अज्ञान असेल तेथे हा हक्क पुढे ढकलला गेला. अन्यत्र किंमत ठरून कलम ३२-म चे प्रमाणपत्र हाती पडेपर्यंत कित्येक प्रकरणे रेंगाळली. अशा कुळाच्या वारसांना आधार असतो तो त्या एका ओळीचा. ‘इतक्या वर्षांत काही झाले नाही, सबब कालबाह्य’ असा शेरा मारून ती कमी करणे, म्हणजे दिरंगाई सरकारी दप्तराने करावी आणि शिक्षा कुळाने भोगावी!

‘एकुमॅ’, म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर, या नोंदीचेही तसेच आहे. थोरल्या भावाच्या नावाला जोडलेली ही अक्षरे सांगतात की, जमीन त्याची एकट्याची नाही. सर्व हिस्सेदारांची नावे लावून ती काढली तर न्याय होईल. नुसतीच पुसली तर सामाईक मिळकत एकाच्या घशात जाईल. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच हक्क २००५ च्या दुरुस्तीने दिला. तो हक्क उताऱ्यावर उमटवण्याची हीच वेळ आहे.

यासाठी नवा कायदा नको. कलम १५० ने हितसंबंधितांना नोटीस देण्याचे आणि फेरफार चावडीवर प्रसिद्ध करण्याचे बंधन घातलेलेच आहे. कमी होणारी प्रत्येक नोंद चावडीवाचनात मोठ्याने वाचली जावी, असा कार्यकर्त्यांनी आग्रह धरावा. पोटासाठी शहरात गेलेल्या कुळांच्या मुलांना आणि सासरी नांदणाऱ्या लेकींना पत्राने, फोनने कळवावे. हरकत असेल तेथे ती लेखी द्यावी आणि विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत चढल्याची खात्री करून घ्यावी.

ज्याचे कर्ज फिटले, त्याच्या बोजाची ओळ आजच पुसली जावी. ज्याचा हक्क अद्याप पदरात पडलेला नाही, त्याची ओळ मात्र तो पडेपर्यंत राहिलीच पाहिजे.