देवळाचे अंगण आणि फुटबॉलचा चेंडू



ज्युबिलीचे वर्ष आले म्हणजे काही तरी बांधावे, असा विचार प्रत्येक धर्मग्रामात निघतो. कोणी कमान सुचवितो, कोणी सभागृह, कोणी नवा मनोरा. हे सर्व उत्तमच होय. परंतु देवळाजवळ जी मोकळी जागा उरलेली असते, तिची बाजू मांडणारा सहसा कोणी नसतो. आज आम्ही तिच्याच वतीने चार शब्द बोलणार आहोत. आणि त्यासाठी लहान गावांतील फुटबॉल क्लबांचा इतिहास हा विषय आम्ही घेतला आहे.

फुटबॉलचे नियम १८६३ साली लंडन शहरी ठरले. पुढे १८८८ साली बारा क्लबांनी मिळून इंग्लंडात लीग स्थापन केली. या लीगच्या पंक्तीत ज्यांस स्थान नाही, अशा असंख्य लहान क्लबांस लीगबाहेरचे क्लब म्हणतात. वर्तमानपत्रांत नावे झळकतात ती लीगमधल्यांची. पण खेळ जिवंत राहतो तो लीगबाहेरच्यांच्या बळावर. एक मैदान, एक चेंडू, गावातील पाचपंचवीस मुले आणि रोज सायंकाळी फाटक उघडणारा एखादा मनुष्य, एवढीच त्यांची दौलत. यांतील मैदान गेले, की बाकीची दौलत आपोआप विखरून जाते.

आपल्या देशात हा खेळ मुख्यतः दोन वाटांनी आला. एक वाट पलटणीची. १८८८ साली सिमल्यास सुरू झालेली ड्युरँड स्पर्धा ही मूळची लष्कराचीच होय. आपल्या हिंगोलीसही एके काळी हैदराबाद कंटिंजंटची छावणी होती. विसाव्या शतकाच्या आरंभी ती उठून गेली. पलटण ही पाहुणी. हुकूम आला की तिचे तंबू हलतात. दुसरी वाट धर्मगुरूंची व शाळांची. गोव्यात १८८३ साली शिवोली गावी फादर विल्यम रॉबर्ट लायन्स यांनी मुलांस फुटबॉल शिकविला, आणि पुढे हडफडे येथील त्यांच्या सेंट जोसेफ शाळेतही तो रुजला. शरीर, मन व आत्मा या तिहींचे शिक्षण एकत्र झाले पाहिजे, अशी ही दृष्टी होती. शाळेतला चेंडू गावात गेला. भाताची कापणी झाली, की रिकामे शेत हेच मैदान झाले, आणि गावोगावच्या संघांचे सामने लोकजीवनाचा भाग बनले. शिवोलीच्या त्या आरंभास शंभर वर्षे होतात न होतात तोच, १९८२-८३ च्या हंगामात, गोव्याने बंगालसह संतोष करंडकाचा मान मिळविला. ही शंभर वर्षे त्या लहान लहान संघांनी वाहून नेली, ज्यांची नावे त्यांच्या गावाबाहेर कोणास ठाऊक नाहीत.

कोणी म्हणेल, गोव्याची गोष्ट निराळी. तर मग आपल्या महाराष्ट्रातील कोल्हापुराकडे पाहावे. तेथे जे काम गोव्यात धर्मगुरूंनी केले, ते तालमींनी केले. तालीम म्हणजे मुळात कुस्तीचा आखाडा व पेठेतील तरुणांचे एकत्र जमण्याचे ठिकाण. शाहू महाराजांच्या आश्रयाने जेथे कुस्ती भरभराटली, त्याच नगरीत तालमींनी फुटबॉलही आपलासा केला. पाटाकडील तालीम, दिलबहार तालीम, बालगोपाल तालीम, खंडोबा तालीम, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब ही नावे तेथे घराघरांत ठाऊक आहेत. देशाच्या मोठ्या लीगमध्ये ती शोधून सापडणार नाहीत. तरी त्यांच्या सामन्यांस शाहू स्टेडियम गर्दीने फुलते. याच शहराचा अनिकेत जाधव २०१७ साली दिल्लीस सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला. पेठापेठांची ईर्ष्या कधी कधी हातघाईवर येते, हेही लपवून चालणार नाही. ईर्ष्येस वळण लावणारा वडीलधारा मैदानाच्या कडेस उभा असावा लागतो, हा त्यातून घ्यावयाचा धडा.

आता परमुलखातील दोन उदाहरणे सांगतो. दोन्ही कॅथलिक धर्मग्रामांतीलच आहेत. ग्लासगो शहरी १८८७ च्या नोव्हेंबरात सेंट मेरी देवळाच्या सभागृहात ब्रदर वॉलफ्रिड या मारिस्ट बंधूंच्या पुढाकाराने सेल्टिक क्लब स्थापन झाला. हेतू हा, की सामन्यांच्या उत्पन्नातून गरीब मुलांस जेवण मिळावे. क्लब लवकरच नावारूपास आला. ब्रदरांची १८९२ साली लंडनला बदली झाली, आणि १८९७ साली क्लब भागीदारांची कंपनी बनला. कीर्ती वाढली, पण मुलांच्या ताटाचा विषय मागे पडला. लहान राहिलेला क्लब आपला हेतू विसरत नाही, हे त्याचे मोठेपण होय.

दुसरे उदाहरण जर्मनीतील डॉर्टमुंडचे. तेथील धर्मग्रामाच्या तरुणसंघातील मुलांस फुटबॉलचे वेड होते. त्यांवर देखरेख करणाऱ्या फादर डेवाल्ड यांस ते मुळीच रुचत नव्हते. १९ डिसेंबर १९०९ रोजी त्या तरुणांनी एका खानावळीत जमून बोरुसिया नावाचा स्वतंत्र क्लब काढला. आज त्याच्या मैदानात ऐंशी हजारांवर लोक बसतात. मनन करण्याजोगी गोष्ट ही, की देवळाने दार लावले म्हणून मुलांनी खेळ सोडला नाही. त्यांनी दुसरे दार शोधले. आपल्या मुलांस ते दुसरे दार कोठले सापडेल, याचा विचार प्रत्येक आईबापांनी करावा.

आता आपल्या हिंगोलीच्या मातीविषयी. आपली काळी जमीन पावसात पायास चिकटते आणि उन्हाळ्यात भेगाळते. म्हणून तिच्यावर मुरूम पसरून, पाणी मारून, रोलर फिरविला पाहिजे. पाणी वाहून जाण्यास कडेने चर पाहिजे. शंभर मीटर लांबीचे मैदान हवेच असे नाही. याच्या निम्म्या जागेत सातसात मुलांचा सामना सुखाने होतो. बारा वर्षांखालील मुलांस चार नंबरचा लहान चेंडू पुरतो. गोलास दोन बांबू पुरे. यास मोठ्या देणग्या लागत नाहीत; लागते ती रोजची तासभर हजेरी.

कोणी शंका काढील, की अभ्यास बुडेल, प्रार्थनेत गलका होईल. त्यास उत्तर सोपे आहे. वेळ ठरवावी, सायंप्रार्थनेची घंटा झाली की चेंडू थांबावा. मुलींसही मुलांइतकाच वेळ मिळावा. आणि शेजारचे हिंदू, मुसलमान, बौद्ध बंधूंचे मूल फाटकाशी येऊन उभे राहिले, तर त्यास आत बोलवावे. चेंडू पुढे देताना कोणी जात विचारीत नाही. शेजारधर्माचा इतका सरळ पाठ दुसरीकडे क्वचितच मिळेल. संत पौलानेही श्रद्धेची गोष्ट समजावून देताना क्रीडांगणावरील शर्यतीचाच दाखला घेतला आहे.

आमची विनंती इतकीच, की ज्युबिलीनिमित्त काय बांधावयाचे ते आपण अवश्य बांधावे. परंतु नकाशा काढताना मुलांच्या वाटणीची जागा आधी आखून घ्यावी आणि उरलेल्या जागेत भिंती उभाराव्या. त्या जागेवर खेळणारा संघ कदाचित कधीही करंडक आणणार नाही. तो रोज सायंकाळी पुरत्या संख्येने घरी परतला, तरी आपली ज्युबिली सार्थकी लागली असे आम्ही समजू.