पासपोर्ट आणि सातबारा

आपल्या जळगाव-धुळ्याच्या कापूसवाल्या शेतकऱ्याला सावकाराचा फास समजावून सांगावा लागत नाही. १९२५ च्या ‘सावकारी पाश’ या मूकपटात जमीन गमावणारा तरुण शेतकरी व्ही. शांताराम यांनी रंगवला होता. हाच नट पुढे दिग्दर्शक झाला. १९३३ मध्ये ‘सैरंध्री’ रंगीत करण्यासाठी जर्मनीला गेला. पण १९५८ साली बर्लिन महोत्सवात त्यांचा गौरव झाला तो ‘दो आँखें बारह हाथ’साठी. औंध संस्थानातल्या स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगावरून गदिमांनी ती कथा लिहिली. सहा खुनी कैदी माळरान पिकवतात. त्यांच्यावर विश्वास टाकणारा जेलर स्वतः शांताराम. परमुलखाला भावली ती आपल्याच मातीतली माणुसकी. खानदेशातल्या नव्या नट-दिग्दर्शकांना एवढंच सांगेन: पासपोर्ट जरूर काढा, पण सातबारा विसरू नका.