नाव कुणी ठेवलं?

मंडळी, आपल्या वर्गात पाटीवर सगळ्यांत आधी काय लिहिलं? आपापलं नाव. हात कापतो, पेन्सिल मोडते. पण नाव उमटलं की माणूस पाटीकडे बघतच राहतो. आज त्या नावाविषयीच बोलू. ते आपल्याला कुणी दिलं? त्याचा अर्थ काय? आणि कागदावर ते कुणी, कसं लिहिलं?

धोंडू, दगडू, केरू, भिकू, उकिर्डा. ही नावं ऐकून शहरातली माणसं हसतात. हसू द्या. त्यांना त्या नावामागचं दुःख ठाऊक नाही. पूर्वी देवी, पटकी, ताप अशा रोगांनी लहान मुलं पटापट जात. एकामागून एक पोरं गेली की आई घाबरून जाई. मग नवं मूल झालं की त्याला केरावर ठेवायचं नि पुन्हा उचलून घ्यायचं. तो केरू. दुसऱ्याच्या पदरात घालून भीक म्हणून मागून घ्यायचं. तो भिकू. मुलाचं नाक टोचून नथ घालायची, म्हणजे मुलगी समजून मृत्यू पुढं जाईल. तो नथू. धोंड्याला कोण नेणार? म्हणून धोंडू. नाव ओबडधोबड, पण त्यात आईची माया भरलेली. पुढे लस आली, दवाखाने आले, मुलं जगू लागली. तशी ही नावंही कमी झाली.

पण दुसऱ्या एका नावात ही माया नाही. नकुशी. कुठे नकुसा म्हणतात, कुठे नकोशी. दोनतीन मुलींवर आणखी एक मुलगी झाली की हे नाव ठेवायचं, म्हणजे पुढचा मुलगा होईल अशी समजूत. धोंडू हे नाव मुलगा जगावा म्हणून. नकुशी हे नाव मुलगी पुन्हा होऊ नये म्हणून. आणि शाळेत हजेरीच्या वेळी त्या पोरीला रोज ऐकावं लागतं, की आपण घरात नको होतो. सातारा जिल्ह्यात अशा मुली शोधून काढल्या. २०११ साली ऑक्टोबर महिन्यात मोठा समारंभ करून दोनशेंहून अधिक मुलींना नवी नावं दिली. नव्या नावाचे दाखलेही दिले. कुणी नटीचं नाव घेतलं, कुणी वैशालीसारखं साधं नाव घेतलं. मुलाचा जन्म होऊन गेला की कुणाचं नाव काय ठेवलं, याने काही बदलत नाही. मुलगा की मुलगी हे आईच्या हाती नसतं, नावाच्या तर नसतंच.

आता नावाच्या शेपटाकडे बघा. एकच नाव, पण माणूस बघून त्याचं शेपूट बदलतं. मोठा असला तर तुकोजीराव. बरा असला तर तुकाराम. गरीब असला तर तुक्या. जुन्या दप्तरांत तर जातीप्रमाणे शेपूट लावत. ब्राह्मणाला पंत, मराठ्याला राव. महाराच्या नावापुढे ‘नाक’. नायक या शब्दाचंच ते रूप असं मानतात. पुण्याजवळ कोरेगाव भीमा इथे १८१८ सालच्या लढाईचा स्तंभ आहे. त्यावर कोरलेल्या कित्येक नावांच्या शेवटी हे ‘नाक’ आजही वाचता येतं. लिहिणाराच्या हातात लेखणी होती. तो लिहील ते आपलं नाव.

आडनावांचंही असंच. पुष्कळ आडनावं गावावरून पडली. साताऱ्याचा तो सातारकर, पंढरपूरचा तो पंढरपूरकर. डॉक्टर बाबासाहेबांच्या घराण्याचं आडनाव सकपाळ. रत्नागिरी जिल्ह्यातलं आंबडवे हे त्यांचं गाव. गावावरून आंबडवेकर, त्याचं पुढं आंबेडकर झालं. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत त्यांचं नाव घातलं, ते होतं भिवा. त्या भिवाचे पुढे भीमराव झाले.

काही आडनावं धंद्यावरून आली. सुतार, लोहार, कुंभार, ही सांगायला नकोत. जोतीराव फुल्यांचे पूर्वज सातारा जिल्ह्यातल्या कटगुणचे, आडनाव गोऱ्हे. पुण्यात फुलांचा धंदा केला, म्हणून फुले झाले. काही आडनावं कामावरून. पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे ही सारी वतनाची कामं. कुलकर्ण्यांची नि देशमुख-देशपांड्यांची वतनं १९५० च्या कायद्याने गेली. महसुली पाटीलकी १९६२ च्या कायद्याने गेली. काम गेलं, आडनाव राहिलं! फडणीस, चिटणीस, पारसनीस यांतला ‘नीस’ म्हणजे फारसीतला ‘नवीस’, म्हणजे लिहिणारा. या हिशेबाने तुम्हीसुद्धा आता नवीसच, बरं का.

आणि गाढवे, ढेकणे, डुकरे? पुष्कळदा गावाने एखाद्याला टोपणनाव ठेवलं नि ते पिढ्यान्‌पिढ्या घराला चिकटलं. अशा आडनावाच्या पोरांना शाळेत चिडवतात. ते चांगलं नाही. कुणाला आडनाव बदलायचंच असेल तर सरकारी राजपत्रात तशी नोंद करून घेता येते.

आता बायांनी नीट ऐका. जुन्या कागदांवर तुम्हांला ‘रामा बिन तुका’ असं दिसेल. ‘वलद’ही दिसेल. बिन काय, वलद काय, दोन्हींचा अर्थ मुलगा. ‘सखू कोम राणू’ किंवा ‘सखू भ्र. राणू’ म्हणजे राणूची बायको सखू. भ्र. म्हणजे भ्रतार. आता समजा, सातबाऱ्यावर ‘सखू भ्र. राणू’ आहे, रेशनकार्डावर ‘सखुबाई रानोजी’ आहे, आणि आधार कार्डावर ‘सखूबाई राणोजी’. गावाला ठाऊक आहे की ही एकच बाई. कचेरीला ते ठाऊक नसतं. वारसनोंदीच्या वेळी तिला हेलपाटे घालावे लागतात.

शिवाय लग्नात तांदळात बोट फिरवून नवं नाव लिहितात. माहेरची यमुना सासरी लक्ष्मी होते. वडिलांच्या जमिनीत मुलीचा वाटा आहे. २००५ सालापासून तर वडिलोपार्जित जमिनीतही मुलाइतकाच आहे. पण माहेरच्या वारसात नाव यमुना, नि हातातल्या कागदावर लक्ष्मी. मग ही यमुनाच कशावरून, असं विचारतात. लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असा कायदा नाही. यमुनाने यमुनाच राहावं. तांदळात लिहायचं तर तेच लिहा.

आणखी एक. १ मे २०२४ पासून जन्मणाऱ्या मुलांच्या नावात आपल्या राज्याने आईचं नावही घेतलं आहे. आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, शेवटी आडनाव. जन्माची नोंद करताना आईने आपलं नाव स्वतः वाचून बघावं. वेलांटी, उकार, सगळं.

उद्या वर्गाला येताना घरातला सातबारा, रेशनकार्ड, असेल तो कागद घेऊन या. पाटी राहिली तरी चालेल. प्रत्येकाने आपलं नाव शोधायचं नि दुसऱ्या कागदाशी ताडून बघायचं. जिथे फरक दिसेल तिथे पेन्सिलीची खूण नको, कागद खराब होतो. वहीत लिहून घ्या.